मोठेबाबा कुठं बसतात

टेंभुर्णीत त्या दिवशी भाड्याच्या जीपमधून जी बाई उतरली, तिच्या डोळ्यांवर काळा गॉगल होता, खांद्याला शबनम पिशवी होती आणि पायांत धूळ झाडत जाणारी बेलबॉटम होती. ऊन नव्हतं, आभाळ आलं होतं. मग गॉगल कशाला, असं विचाराल तर आज मला सांगता येणार नाही, आणि ती बाई मीच असल्यामुळं दुसऱ्या कुणाला विचारायची सोयही नाही.

सत्तरनंतरची मधली वर्षं होती. आमचे वडील मास्तर, त्यांनी आम्हाला लहानपणीच टेंभुर्णीहून औरंगाबादेला नेलं होतं. तिथून मी मुंबईला पोचले आणि एका साहेबांच्या हाताखाली लागले. साहेब माहितीपट काढायचे, तेही फक्त गाण्या-वाजवण्याचे आणि नाचाचे. शास्त्रीय संगीत हा त्यांचा देव होता. तंबोरा जुळत असला तर ते शेजारच्या खोलीतसुद्धा चप्पल काढून बसायचे. तेव्हा त्यांचा एक मोठा चित्रपट चालला होता, फुंकून वाजवायच्या वाद्यांचा. बासरी झाली होती. सनईसाठी काशीकडचे कलाकार झाले होते. साहेब म्हणाले, आपल्याकडचं, खेड्यातलं कुणी हवं.

मी हात वर केला. शाळेत करतात तसा, खरोखर वर केला. म्हणाले, "सर, माझ्या घरात आहेत."

वडिलांचे थोरले भाऊ, आमचे मोठेबाबा, सनई वाजवायचे. आमच्या घराण्याकडं पिढ्यान् पिढ्या गावच्या लग्नातलं वाजंत्र होतं. मोठेबाबा तरुणपणी जालन्याला कापसाच्या जिनिंगमध्ये कामाला गेले तेव्हा तिथं एक उस्ताद भेटले, त्यांच्यापाशी सुटीच्या दिवशी बसून ते राग शिकले. पुढं छप्पन साली आमच्या सगळ्या वस्तीनं धर्म बदलला आणि गावकीचं वाजवणं सोडलं. मोठेबाबांनीही लग्नाच्या दारात वाजवणं बंद केलं, सनई मात्र सोडली नाही. जिनिंगमधून मुकादम होऊन ते गावी परत आले होते आणि आपल्या घरात, आपल्या मर्जीनं वाजवायचे.

साहेबांनी मला कॅमेरावाला दिला, जीपचं भाडं दिलं आणि फिल्मचे मोजके डबे दिले. आवाजाचं यंत्र मीच सांभाळायचं होतं. हे माझं पहिलं स्वतंत्र काम. टेंभुर्णी येईपर्यंत जीपमध्ये मी कॅमेरावाल्याला प्रकाशावर व्याख्यान दिलं. तो बिचारा मुंबईत चांगला मुरलेला माणूस, सगळा वेळ "हां दीदी, हां दीदी" करत राहिला.

मुंबईत फिल्म सोसायटीत मी परदेशी चित्रपट बघायची. त्यांत म्हातारे शेतकरी, धूळ, मावळतं ऊन असं सगळं असायचं आणि तसलंच काहीतरी डोक्यात घेऊन मी आले होते. मोठीआई म्हणजे मोठेबाबांची बायको चुलीपुढं बसली होती, भाकरी थापत. मोठेबाबा दारात खुर्चीवर. मी जमिनीवर बसकण मारून त्यांना माझं स्वप्न सांगितलं.

"सांजच्याला मारुतीच्या पारापाशी बसायचं, मोठेबाबा. गुरं परत येतील, धूळ उडेल, मागून ऊन येईल. तुम्ही मारवा वाजवायचा."

"कुठं बसायचं म्हन्तीस?"

"पाराच्या खाली. आजोबा बसायचे ना, तिथंच."

भाकरी थापण्याचा आवाज थांबला.

"तुझा आजा तिथं हौसेनं बसून राह्यला न्हवता," मोठीआई म्हणाली. "त्याला वर बसू देत न्हवते."

आणि मी काय म्हणाले, ते लिहायला हात धजत नाही, पण लिहिते. म्हणाले, "ते मला माहीत आहे गं, मोठीआई. पण कॅमेऱ्याला ते छान दिसतं."

मोठीआईनं माझ्याकडं बघितलं. माझा गॉगल तेव्हा डोक्यावर चढवलेला होता. तिनं त्याच्याकडंही बघितलं. मग तव्यावरची भाकरी उलटली आणि मोठेबाबांना म्हणाली, "आयकलं का? कॅमेऱ्याला छान दिसतं म्हन्ते."

मोठेबाबा उत्तर द्यायला वेळ लावायचे. मुकादमकीची सवय, समोरचा माणूस बोलून बोलून आपोआप रिकामा होतो. मी रिकामी झाले नाही. उलट जालन्याच्या बाजारातून घेतलेलं लाल पागोटं पिशवीतून काढलं.

"हे कामून?"

"डोक्याला. आणि सदरा नको. बंडी आणि धोतर."

"माझ्याजवळ कोट आहे, बाळे. जालन्याला शिवलेला."

"कोट नको, मोठेबाबा. कोट खोटा वाटेल."

स्वतःचा कोट, स्वतःच्या पैशानं शिवलेला, तो खोटा. आणि बाजारातनं सकाळी उचललेलं पागोटं खरं! एवढं शिक्षण देऊन वडिलांनी काय मिळवलं, देव जाणे. म्हणजे देवही जाणत नसणार, आमच्या घरात देव राहिले नव्हते.

मोठेबाबा शेवटी म्हणाले, "पोरीचं पहिलं काम आहे. बसतो."

मोठीआई पुन्हा भाकरी थापायला लागली. मला वाटलं, पटलं तिला.

संध्याकाळी सगळं माझ्या मनासारखं झालं. आभाळ फाटून ऊन आलं. गुरं आली. धूळ तर इतकी उडाली की कॅमेरावाला हरखून गेला. मोठेबाबा पाराच्या खाली, मातीत, मांडी घालून बसले. बंडी, धोतर, लाल पागोटं. मी कानाला मोठे काळे हेडफोन लावले आणि हाताचा पंजा हवेत वर नेऊन खाली आणला. मुंबईत साहेब असाच आणायचे.

मोठेबाबांनी मारवा धरला. आजही सांगते, त्या माणसाच्या फुंकेत काय होतं ते माझ्या त्या वयाला कळण्यासारखं नव्हतं, तरी अंगावर काटा आला. गाव जमलं. पारावर म्हातारी शेतकरी मंडळी बसली होती, मोठेबाबांच्या वयाची, त्यांच्याबरोबर लहानाची मोठी झालेली. त्यातला एक जण, तसा काही वाईट माणूस नव्हे, आमच्या घराला पेरणीला बैल देणारा, मजेत म्हणाला,

"हां. आता कसा बराबर जागेवर बसला. लई वर्सांनी."

पारावरचे सगळे हसले.

हे वाक्य गावात सगळ्यांत स्पष्ट ऐकू आलं ते मला. माझ्या कानाला हेडफोन होते आणि यंत्र एवढं चांगलं होतं की पारावरची तपकीर ओढलेलीही त्यात ऐकू यायची. सनई थांबली नाही. मोठेबाबांनी सूर पुरा केला, खाली आणला, ठेवला. वर बघितलं नाही.

मी हेडफोन काढले आणि म्हणाले, "मोठेबाबा, मागं हसल्याचा आवाज आला. आणखी एकदा."

त्यांनी आणखी एकदा वाजवलं.

मग उठले. धोतराची माती झटकली, पागोटं काढून माझ्या हातात दिलं आणि घराकडं चालू लागले. कॅमेरावाला म्हणाला, "दीदी, बहुत सुंदर शॉट आया है." मी त्याच्या पाठीवर थाप मारली. घरी आले, मोठीआईच्या हातच्या गरम भाकरी पिठल्याबरोबर पोटभर खाल्ल्या आणि वर चटणी मागितली. जेवताना मी चित्रपटाच्या शेवटाबद्दल बोलत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी तोंड धुवून अंगणात आले तर मोठीआई पायरीवर बसलेली. मांडीवर आमचा फिल्मचा डबा. त्याच्या कडेची चिकटपट्टी सोलून बाजूला ठेवली होती, झाकण उघडं होतं आणि आतलं काळं भेंडोळं ती शेवया वाळवाव्यात तसं पायरीवर पसरून राह्यली होती. चांगलं लख्ख ऊन पडलं होतं.

मी किंचाळले. कॅमेरावाला धावत आला, त्यानं ते बघितलं आणि डोकं धरून जात्यावरच बसला. एकदा ऊन लागलेल्या फिल्मचं काही करता येत नाही. कालची संध्याकाळ, गुरं, धूळ, सगळं गेलं.

"मोठीआई, काय केलंस हे! ऊन लागलं की मरते ती! काल मी तुला सांगितलं होतं ना, उघडायचं नाही म्हणून?"

"सांगितलं म्हणून तर कळलं कसं मारायचं ते," मोठीआई म्हणाली. "आमचा माणूस तुझ्या डब्यात मातीत बसून राह्यला होता. काढला भायेर."

मी रडायला लागले. मोठ्यानं, नाक ओढत. आणि खरं सांगते, रडत होते ती रोलसाठी. साहेबांना काय सांगू, माझं पहिलं काम गेलं, असलंच काहीबाही बडबडत होते. मोठीआईनं मला रडू दिलं. मग विचारलं,

"काल तो जेवला का?"

"कोण?"

"कोण म्हन्ते! तुझ्या शेजारी बसल्ता ना पाटावर. ताटात भाकर घेतली, तुकडा मोडला, तसाच ठेवला. तू चटनी मागून राह्यली होतीस."

मला आठवेना. ताट आठवेना, तुकडा आठवेना. माझं माणूस माझ्या कोपराला कोपर लावून उपाशी उठलं आणि मी त्या वेळेला हात हवेत नाचवून सांगत होते की शेवटी पडद्यावर फक्त धूळ राहील. मग मला पारावरचं हसू आठवलं. मग माझं "आणखी एकदा" आठवलं, आणि रडणं बंदच झालं. शरमेला रडूसुद्धा येत नाही, तोंड नुसतं कोरडं पडतं, हे मला त्या अंगणात कळलं.

मोठेबाबा घरामागं लिंबाच्या सावलीत आपल्या खुर्चीवर पेपर वाचत बसले होते. ती लोखंडी खुर्ची त्यांनी जिनिंगच्या पहिल्या वर्षी जालन्याला घेतली होती आणि एसटीच्या टपावर टाकून आणली होती. आमच्या वस्तीत आलेली पहिली खुर्ची. सनई वाजवणारे मांडी घालून बसतात, साऱ्या जगात बसतात. मोठेबाबा खुर्चीवर बसून वाजवायचे. उस्तादांना आवडायचं नाही म्हणे. मोठेबाबांनी त्यांचं बाकी सगळं ऐकलं.

मी जाऊन उभी राहिले.

"रोल गेला म्हन्तेत," पेपरातून डोकं न काढता ते म्हणाले.

"हो."

"वाईट झालं. म्हातारीला कळत न्हाई." आणि पेपराआड ते हसत होते का, ते मला दिसलं नाही. "आता?"

"एक डबा शिल्लक आहे." मग घाईघाईनं म्हणाले, "पण नको, मोठेबाबा. मी जाते मुंबईला. सांगते साहेबांना, नाही जमलं."

"न्हाई जमलं कसं? आल्तीस कामाला, काम कर. पर मला आधी इचार."

"काय विचारू?"

"मी कुठं बसतो ते."

समोर दिसत होतं सगळं. तरी विचारलं. "मोठेबाबा, तुम्ही कुठं बसता?"

"खुर्चीवर," ते म्हणाले. "घरात. कोट घालून."

त्या दुपारी त्यांच्या पुढच्या खोलीत आम्ही कॅमेरा लावला. खोली अंधारी. कॅमेरावाला कुरकुरला, मग कामाला लागला. दारातलं ऊन आत फेकायला मोठीआई पांढरी चादर ताणून दारात उभी राहिली. हात दुखले तरी हलली नाही, आणि कॅमेरावाल्यालाच दरडावून सांगत होती, "जल्दी कर रे बाबा, ऊन चाललं." मोठेबाबा निळ्या कोटात, गुंड्या गळ्यापर्यंत लावून, पाय जुळवून, ताठ बसले होते. वाजवायला लागले तशी मान सैल झाली. भीमपलासी होता. कुणी हसलं नाही. मी जमिनीवर, यंत्रापाशी, कानाला हेडफोन लावून बसले होते, आणि खाली बसायची पाळी आज माझी आली हे मोठीआईनं चादरीआडून मला डोळ्यांनीच दाखवलं.

इथं गोष्ट संपली असती तर मी जरा बऱ्यापैकी माणूस ठरले असते.

मुंबईला फिल्म धुऊन आली. अंधाऱ्या खोलीत साहेब आणि मी बघायला बसलो. सनई सुरू झाली आणि साहेबांनी डोळे मिटले. "वा," म्हणाले. पुन्हा म्हणाले, "वा, काय सच्चा सूर आहे." त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, खोटं नव्हतं. मग डोळे उघडले, पडद्याकडं बघितलं आणि म्हणाले,

"पण हे गृहस्थ फोटो काढायला आल्यासारखे का बसलेत? हा कोट, ही लोखंडी खुर्ची! खाली का नाही बसवलंस?"

मला सांगता आलं असतं. पार, पागोटं, पायरीवर वाळत घातलेली फिल्म, सगळं. साहेब ऐकणारे होते, कदाचित कळलंही असतं त्यांना. मी म्हणाले, "सर, खोलीत जागा नव्हती."

जागा नव्हती! जिथं आमची सगळी भावंडं ओळीनं झोपायची, त्या खोलीत एक माणूस मांडी घालून बसायला जागा नव्हती. थापसुद्धा धड मारता आली नाही.

साहेबांनी मोठेबाबांची फक्त बोटं ठेवली. बोटं, फुगलेले गाल, सनईचं तोंड. जवळून घेतलेले तेवढेच तुकडे. सूर पुरा ठेवला. कोट गेला, खुर्ची गेली. पाराजवळची टेप माझ्याकडं शाबूत होती, कारण मोठीआईला टेप माहीत नव्हती. ती मी एकदा एकटीनं ऐकली. त्यात ते वाक्य होतं, हसू होतं, आणि त्यानंतर एका मुलीचा उत्साही आवाज, "आणखी एकदा." मला ती पुसायचा धीर झाला नाही आणि ठेवायचाही झाला नाही. टेपा पुन्हा वापरायच्या असत. पुढं कुणीतरी तिच्यावर मृदंग भरला आणि मी बघत राहिले.

चित्रपट दाखवला गेला, साहेबांचं कौतुक झालं, सनईचंही झालं. मी टेंभुर्णीला गेले. या खेपेला साडी नेसून आणि गॉगलशिवाय. एसटीत बसल्या बसल्या काय सांगायचं ते जुळवलं होतं: चित्रपट फार छान झाला, मोठेबाबा, तुमचा सूर ऐकून लोक गप्प झाले. सगळं खरंच होतं. एवढंच सांगायचं आणि चहा मागायचा.

मोठेबाबांनी ऐकून घेतलं. मग विचारलं, "खुर्ची दिसती का?"

मोठीआई गहू निवडत होती. तिचं सूप थांबलं.

"न्हाई," मी म्हणाले. मुंबईत इतकी वर्षं 'नाही' म्हणत होते, तोंडातून 'न्हाई'च आलं. "बोटं दिसतात. आणि मी साहेबांना काही बोलले नाही. विचारलं होतं त्यांनी. मी म्हणाले, खोलीत जागा नव्हती."

मला वाटलं, मोठेबाबा आता उठून आत जातील. गेले असते तर बरं, असंही वाटलं. अंगणातल्या दोन कोंबड्या माझ्याकडं बघत होत्या आणि मला त्यांची नजरही सोसत नव्हती.

"मंग सिनेमा झालाच न्हाई अजून," मोठेबाबा म्हणाले. "बोटाचा फोटू झाला. तू तुझा रोल घेऊन ये."

"माझा कुठला रोल, मोठेबाबा? मी हाताखालची माणूस."

"ते तू बघ. मी हाये इथंच."

रोल जमवायला मला पुढचा उन्हाळा यावा लागला. कुणाच्या उरलेल्या फिल्मचे तुकडे, कुणाचा मागून आणलेला कॅमेरा. कॅमेरावाल्याला सांगितलं तर तो जीपच्या भाड्याशिवाय, एसटीनं आला. त्याच खोलीत, तोच कोट, तीच खुर्ची, दारात चादर धरून मोठीआई. कॅमेरा मी या वेळी स्वतः धरला. कॅमेरावाला म्हणाला, "दीदी, थोडा ऊपर लीजिए." मी त्याला गप्प बसवलं. मी फक्त एकच गोष्ट बघत होते.

माझा स्वतःचा तो पहिला चित्रपट टेंभुर्णीच्या शाळेच्या भिंतीवर दाखवला. सगळी वस्ती आली, पारावरची मंडळीही आली. सनई सुरू झाली. भिंतीवर लोखंडी खुर्चीचे चारही पाय आले, स्वच्छ, एकही कापला गेला नाही. वर निळा कोट आला, सगळ्या गुंड्यांसकट. त्याच्या वर हनुवटी आली, सनई आली. आणि तिथं चित्र संपलं. नाकापासून वरचे मोठेबाबा अख्ख्या चित्रपटात कुठंच नव्हते.

चित्रपट संपेपर्यंत मी मान खाली घालून बसले. मागं वस्तीतली पोरं फिदीफिदी हसत होती. पारावरचं ते बैल देणारं म्हातारं म्हणालं, "मुकादम, कोट लई झकास हाये."

"शिवलाच तसा हाये," मोठेबाबा म्हणाले.

मोठीआई माझ्या कानाशी वाकली. "आधी खुर्ची कापली. आता डोकं कापलं," ती म्हणाली. "मधलं तेवढं बराबर यायलंय तुझं. पुढच्या उन्हाळ्यात ये, चादर धुऊन ठेवते."